‘उत्तर’ म्हणजे वरची, म्हणून नकाशात वर?

प्रश्न असा आहे : ‘उत्तर’चा मूळ अर्थ ‘वरची’, म्हणूनच नकाशात उत्तर वर दाखवतात का?

अर्थ बरोबर, पण निष्कर्ष चुकतो. ‘उद्’ म्हणजे वर. त्याला तुलनेचा ‘तर’ लागला की ‘उत्तर’, म्हणजे अधिक वरची. अंगावरचं ‘उत्तरीय’ याच अर्थाचं. उत्तरेला ‘उदीची’ आणि दक्षिणेला ‘अवाची’, म्हणजे खालची, असंही संस्कृतात म्हणत. पण ही उंची हिमालयाकडच्या जमिनीची, असं कोशांत सांगितलेलं आहे. कागदाच्या वरच्या कडेशी तिचा संबंध नाही.

बाकीच्या दिशा पाहा, म्हणजे गंमत कळेल. ‘पूर्व’ म्हणजे पुढची, ‘पश्चिम’ म्हणजे मागची आणि ‘दक्षिण’ म्हणजे चक्क उजवी! उगवत्या सूर्याकडे तोंड करून उभं राहिलं की उजवा हात दक्षिणेला येतो. ‘प्रदक्षिणा’ही त्यातलीच, देव उजव्या हाताला ठेवून घातलेली. अरबीतही ‘यमीन’ म्हणजे उजवा, आणि अरबस्तानाच्या दक्षिण टोकाच्या यमनचं नाव त्याच धातूतलं. ‘शिमाल’ म्हणजे डावा, तर ‘शमाल’ म्हणजे उत्तर. इतक्या दूरच्या दोन भाषांनी दिशा एकाच अंगाने मोजाव्यात, याचं मला फार अप्रूप वाटतं. शब्दांवरून नकाशे काढले असते, तर पूर्व वर आली असती.

युरोपात ती खरंच वर होती. इंग्लंडमधल्या हेरेफर्डच्या, साधारण 1300 सालच्या जगाच्या नकाशात पूर्व वर आहे, कारण बायबलमधली स्वर्गीय बाग तिकडे मानलेली. ‘ओरिएंटेशन’ हा शब्दही लॅटिनमधल्या ‘उगवत्या’ दिशेवरूनच आला. अरब भूगोलतज्ज्ञ अल्-इद्रीसीच्या 1154 च्या नकाशात मात्र दक्षिण वर.

उत्तरेचं पारडं जड झालं ते ग्रीक भूगोलतज्ज्ञ टॉलेमीमुळे. दुसऱ्या शतकातला त्याचा भूगोलग्रंथ पंधराव्या शतकाच्या आरंभी लॅटिनमध्ये आला. त्याचे अक्षांश-रेखांशांच्या जाळीवरचे, उत्तर वर असलेले नकाशे पुढे छापले गेले. 1569 मध्ये नकाशाकार मर्केटरनेही तीच मांडणी ठेवली.

राहिलं होकायंत्र. सुई उत्तर दाखवते म्हणून उत्तर वर, हे कारण नेहमी सांगतात. पण सुईला टोकं दोन असतात. होकायंत्र ज्यांनी आधी बनवलं, त्या चिनी लोकांच्या भाषेत त्याचं नाव आहे ‘दक्षिण दाखवणारी सुई’.