ब्रिटिश वर्तमानपत्रात टीव्ही समीक्षक व्हायचंय, तर…

सप्रेम नमस्कार.

तू पाठवलेली तिन्ही परीक्षणं वाचली. इंग्रजी स्वच्छ आहे, मतंही ठाम आहेत. पण वाचून संपल्यावर पडद्यावर काय दिसत होतं, ते सांगता येत नाही. ‘संथ पण प्रभावी’, ‘अभिनय दमदार’, ‘कथानक थोडं विस्कळीत’ ही वाक्यं कुठल्याही मालिकेला चिकटवता येतात. मत काय, पबमध्ये शेजारी बसलेला माणूसही देतो, तेही न विचारता. वर्तमानपत्र तुला पैसे देणार ते नीट बघितल्याचे.

समज, किनाऱ्यावरच्या गावातली गुन्हेकथा आहे. तपास अधिकारी बाई पहिल्या वीस मिनिटांत तीन वेळा किटली लावते आणि एकदाही चहा पीत नाही. हे एवढंच लिहिलंस तर वाचकाला स्वयंपाकघर दिसतं, आणि तिच्या हातांना काय काम द्यावं हे पटकथाकाराला सुचलेलं नाही, हेही त्याला न सांगता कळतं. मग ‘पटकथा कमकुवत’ हे लिहायची गरजच उरत नाही.

टीव्ही समीक्षक क्लाइव्ह जेम्सने १९७२ ते १९८२ ही दहा वर्षं ऑब्झर्व्हर या रविवारच्या वर्तमानपत्रात हेच केलं. खेळांचे समालोचक, सौंदर्यस्पर्धा, अमेरिकेतून आलेल्या मालिका, यांच्याकडे त्याने मोठ्या नाटकांइतक्याच बारकाईने बघितलं. नॅन्सी बँक्स-स्मिथ यांनी गार्डियनमध्ये १९६९पासून अनेक दशकं लिहिलं, तेही अगदी थोडक्या शब्दांत. दोघांचे जुने स्तंभ काढून वाच, पण त्यांच्यासारखे विनोद करायला जाऊ नकोस. त्यांच्या विनोदाखाली पडद्यावरची कुठली गोष्ट आहे, तेवढ्यावर पेन्सिलीने खूण कर.

आता बघायचं कसं. वाहिनीच्या प्रसिद्धी विभागाकडून स्क्रीनरची, म्हणजे समीक्षकांना प्रक्षेपणाआधी दाखवायच्या प्रतीची, लिंक येते. चित्रावर बहुधा तुझं नाव किंवा ईमेल वॉटरमार्क म्हणून उमटलेलं असतं. ती कुणाला पाठवलीस आणि फुटली, तर कुणाकडून फुटली ते लगेच कळतं, आणि पुढच्या लिंका बंद होतात. सोबतच्या मेलमध्ये एम्बार्गोची वेळ असते, म्हणजे तिच्याआधी परीक्षण छापायचं नाही, कधी ‘हे उघड करू नये’ अशी यादीही असते. ती आधी वाच. मग प्रत अंतिम आहे का ते बघ. तात्पुरतं संगीत, अर्धवट रंगसंस्कार, मागे नुसता हिरवा पडदा, हे स्क्रीनरमध्ये चालतं. तू संगीताला झोडपलंस आणि प्रक्षेपणात संगीतच वेगळं निघालं, तर हसू तुझं होतं.

पहिल्यांदा सलग बघ, मध्ये थांबवू नकोस. सारखं थांबवत बघितलं की लय कळत नाही. वहीत डावीकडे वेळ टाक आणि उजवीकडे फक्त दिसलेलं-ऐकलेलं: ‘१२:४०, किटली. १५:०५, पुन्हा किटली.’ वहीत विशेषण येऊ द्यायचं नाही. अपवाद एकच: कंटाळा आला की ती वेळ प्रामाणिकपणे टिपून ठेव. नंतर मागे जाऊन त्या मिनिटाला काय चाललं होतं ते बघ, निम्मं परीक्षण तिथेच मिळतं. संवाद अवतरणात द्यायचा असेल तर पुन्हा ऐकून शब्दशः उतरव. आठवणीतला संवाद मूळ संवादापेक्षा हटकून जास्त चांगला असतो, आणि तिथेच घात होतो.

सहापैकी दोनच भाग बघायला मिळाले असतील तर तसं स्पष्ट लिही आणि निकाल तेवढ्यापुरताच दे. १९७५ साली ‘फॉल्टी टॉवर्स’ ही विनोदी मालिका सुरू झाली तेव्हा डेली मिररने तिच्यात विनोद कमी पडतात असं छापलं होतं. तिचे बारा भाग आज ब्रिटनच्या सर्वोत्तम विनोदी मालिकांत मोजले जातात, हे तुला माहीत आहेच. आदल्या रात्रीचे प्रेक्षकांचे आकडे बघून ‘मालिका आपटली’ असंही लिहू नकोस. नंतर बघणाऱ्यांची भर त्या आकड्यात अजून पडायची असते.

सुरुवातीला एक चूक जवळपास सगळेच करतात. मालिका बीबीसीवर लागली म्हणून ती बीबीसीने बनवली, असं लिहून मोकळे होतात. १९९०च्या ब्रॉडकास्टिंग अ‍ॅक्टने वाहिन्यांवर पंचवीस टक्के कार्यक्रम स्वतंत्र निर्मात्यांकडून घ्यायचं बंधन घातलं. तेव्हा निर्माती कंपनी शेवटच्या श्रेयनामावलीत बघ. लेखक, दिग्दर्शक, नट यांच्या नावांची स्पेलिंगंही तिथूनच घे.

साडेचारशे शब्दांच्या परीक्षणात कथानक शंभरावर गेलं की लेख हातचा गेला असं समज. वाचक गोष्ट ऐकायला आलेला नसतो. एकच प्रसंग निवड आणि त्यावर सव्वाशे-दीडशे शब्द खर्च कर. संगीत, वेशभूषा, छायाचित्रण यांना एकेक वाक्य वाटत बसायचं कारण नाही, ती हजेरी होते. लिहून झालं की मोठ्याने वाच. ए. ए. गिल १९९३पासून २०१६मध्ये वारेपर्यंत संडे टाइम्ससाठी टीव्हीवर लिहायचा. डिस्लेक्सियामुळे तो मजकूर फोनवरून सांगायचा आणि पलीकडे कुणीतरी तो उतरवून घ्यायचं. त्याच्या वाक्यांना बोलण्याची लय आहे.

मथळा तू देत नाहीस, उपसंपादक देतो. वाचकांच्या शिव्या मात्र तुलाच. म्हणून पहिल्या परिच्छेदात निकालाची दिशा एवढी स्पष्ट ठेव की मथळा भलतीकडे जाऊच नये.

कायद्याचं थोडं सांगतो. २०१३च्या डिफमेशन अ‍ॅक्टनुसार प्रामाणिक मत हा बचाव आहे, पण त्याला अटी आहेत: ते मत आहे हे कळलं पाहिजे, ते कशाच्या आधारावर आहे हे निदान ढोबळमानाने सांगितलेलं पाहिजे, आणि त्या वस्तुस्थितीवर एखाद्या प्रामाणिक माणसाचं तसं मत होऊ शकलं पाहिजे. म्हणजे किटली इथेही उपयोगी पडते. वर्णन हाच तुझा आधार. माणसाच्या शरीरावर घसरलीस की पंचाईत. १९८५मध्ये रविवारच्या एका टॅब्लॉइडच्या टीव्ही समीक्षिकेने एका अभिनेत्रीच्या अंगकाठीवर आणि गाण्यावर लिहिलेलं कोर्टात गेलं. ज्यूरीने दहा हजार पौंडांची भरपाई दिली, पुढे अपील झालं, फेरखटलाही झाला. २०१०मध्ये खुद्द गिलने एका निवेदिकेच्या लैंगिकतेवरून हिणकस शब्द वापरला आणि तिची तक्रार वर्तमानपत्रांविरुद्धच्या तक्रारी ऐकणाऱ्या तेव्हाच्या प्रेस कम्प्लेंट्स कमिशनने उचलून धरली. मोठं नाव असलं म्हणून तिथे सूट मिळाली नाही. तो परिच्छेद शोधून वाच. निवेदिका कार्यक्रमात काय करत होती याच्याशी त्या शब्दाचा काडीचा संबंध नव्हता.

शिरायचं कुठून, हा तुझा प्रश्न. टीव्ही समीक्षकाची पगारी जागा एका वर्तमानपत्रात एक, फार तर दोन, आणि त्या सहसा जाहिरात देऊन भरत नाहीत. खरा दरवाजा म्हणजे रोजच्या कार्यक्रमांचं पान. ‘आज काय बघाल’च्या साठ ते शंभर शब्दांच्या टिपा आठवडाभर आधी लागतात, रोज लागतात, आणि स्तंभ मिळालेल्या माणसांना त्या लिहायचा कंटाळा असतो. तिथे शिफ्ट माग. एनसीटीजेचा, म्हणजे पत्रकारांच्या प्रशिक्षणाच्या ब्रिटिश संस्थेचा, डिप्लोमा असेल तर वृत्तविभागातही काम मिळतं. लघुलिपी घेतलीस तर मिनिटाला शंभर शब्दांपर्यंत ने, बातमीदारीत तेवढाच वेग खरा धरतात. आडवाटाही आहेत. डेनिस पॉटर १९६०च्या दशकाच्या सुरुवातीला बीबीसीतून डेली हेरल्डचा टीव्ही समीक्षक झाला आणि मग नाटककार. चार्ली ब्रूकरने कार्यक्रमपत्रिकेचं विडंबन करणारी वेबसाइट चालवली आणि २०००मध्ये गार्डियनमध्ये स्तंभ मिळवला.

पिच, म्हणजे संपादकाला पाठवायचा लेखाचा प्रस्ताव, दीडशे शब्दांत बसव. कुठला कार्यक्रम, कधी लागणार, तुला त्यात काय दिसलं, किती शब्द, कधी देणार. ‘मला टीव्हीची लहानपणापासून आवड आहे’ हे वाक्य काढून टाक, संपादक तिथेच मेल बंद करतो.

तू मराठी म्हणून भारताशी संबंधित प्रत्येक मालिका तुझ्याकडे येईल. पहिल्या दोन घे, चुकीचे उच्चार आणि चुकीची पातळं तुला खरोखरच इतरांआधी दिसतील. पण तिसरीच्या वेळी एखादी बेकिंगची स्पर्धा किंवा पोलीस मालिका माग. न मागता ती कुणी देणार नाही.

पैशांबद्दल. फ्रीलान्स लिहितेस तोवर मजकुराचा कॉपीराइट तुझा असतो, तू लिहून दिलास तरच जातो. तेव्हा ‘सर्व हक्क’ अशी ओळ दिसली की सही करण्याआधी दर वाढवून माग. छापलं नाही तर किती देणार, हे काम घेतानाच मेलवर ठरव. बिल छापून आल्याच्या दिवशी पाठव. मुदत ठरलेली नसेल तर उशिरा पैसे देण्याबद्दलच्या कायद्यानुसार तीस दिवसांनंतर व्याज लावता येतं, बँक ऑफ इंग्लंडचा दर अधिक आठ टक्के. सहसा कुणी लावत नाही, पण आठवणीच्या मेलमध्ये त्या कायद्याचा नुसता उल्लेख केला तरी अकाउंट्स विभाग हलतो.

आणि ज्या नटाची सोमवारी मुलाखत घेतलीस, त्याच्या मालिकेचं बुधवारी परीक्षण लिहायचं नाही. संपादकाला सांग, दुसऱ्या कुणाला देतील.

पुढच्या शुक्रवारपर्यंत आणखी तीन नमुने पाठव, प्रत्येकी चारशे शब्द. एक संध्याकाळच्या हवामानवृत्तावर, एक घरं विकणाऱ्या-घेणाऱ्यांच्या दुपारच्या कार्यक्रमावर, एक तुला मनापासून आवडणाऱ्या मालिकेवर. तिसरं सगळ्यात अवघड जाईल. सोबत वहीच्या पानांचे फोटोही जोड.