गृहकर्जाचा खरा खर्च मुदतीत दडलेला असतो

नुकतंच गृहकर्ज घेतलेल्याचा प्रश्न थोडक्यात असा आहे: ५० लाखांचं कर्ज, ८.५ टक्के फ्लोटिंग (म्हणजे वेळोवेळी बदलणारा) दर, २० वर्षं मुदत, हप्ता ४३,३९१ रुपये. कॅल्क्युलेटर एकूण व्याज ५४ लाख दाखवतो. हाच खरा खर्च समजायचा का, आणि दुसरी बँक पाव टक्का कमी देतेय म्हणून तिकडे जायचं का?

५४ लाखांचं गणित बरोबर आहे. पण २० वर्षं दर जागचा हलला नाही आणि तुम्ही एक रुपयाही आधी भरला नाहीत, तरच तो आकडा खरा ठरेल. फ्लोटिंग कर्जात पहिली गोष्ट होत नाही आणि दुसरी होऊ देऊ नये. पाव टक्क्याचं म्हणाल तर ८.२५ टक्क्यांनी हप्ता ४२,६०३ येतो. म्हणजे महिन्याला ७८८ रुपये आणि २० वर्षांत १.८९ लाख वाचतात. रक्कम लहान नाही, पण खाली जे आकडे येतील त्यांच्यापुढे ती किरकोळ वाटेल.

आधी हप्त्याच्या पोटात काय आहे ते बघा. पहिल्या महिन्याचं व्याज म्हणजे ५० लाख गुणिले ८.५ भागिले १२००, म्हणजेच ३५,४१७ रुपये. मुद्दलात जातात फक्त ७,९७४. पाच वर्षांत तुम्ही २६ लाख भरलेले असता आणि शिल्लक असते ४४.०६ लाख. दहा वर्षांनी, म्हणजे निम्मी मुदत संपल्यावर, अजून ३५ लाख देणं असतं. मुद्दल निम्म्यावर यायला जवळपास १३ वर्षं १० महिने लागतात. यात बँकेची लबाडी काही नाही, शिल्लक मोठी तर व्याज मोठं इतकंच. पण ‘सात-आठ वर्षांत घर विकून मोठं घेऊ’ असा बेत असेल, तर विकताना किती कर्ज फेडावं लागेल याचा अंदाज बहुतेकांचा इथेच चुकतो.

मुदत निवडताना लोक हप्ता बघतात. हेच कर्ज १५ वर्षांना घेतलं तर हप्ता ४९,२३७ आणि व्याज ३८.६ लाख. २० वर्षांना ५४.१ लाख. ३० वर्षांना हप्ता ३८,४४६ आणि व्याज ८८.४ लाख. २० वरून ३० वर गेल्यावर हप्ता जेमतेम पाच हजारांनी उतरतो आणि व्याज ३४ लाखांनी चढतं. कारण उघड आहे: मुदत कितीही ताणली तरी हप्ता महिन्याच्या व्याजाच्या, म्हणजे ३५,४१७ च्या, खाली जाऊच शकत नाही. त्या तळाच्या जवळ गेलात की मुदत वाढवून हाती फारसं काही लागत नाही.

आता मुख्य मुद्दा. दर वाढला की बँका सहसा हप्ता तोच ठेवून मुदत वाढवतात. खात्यातून तेवढीच रक्कम कापली जाते, त्यामुळे घरात कुणाला पत्ताही लागत नाही. समजा, कर्ज घेतल्याबरोबर दर ८.५ वरून ९.५ झाला. हप्ता ४३,३९१ च ठेवला तर २४० ऐवजी ३०९ हप्ते भरावे लागतात, आणि जादा भरणा होतो २९.७ लाखांचा. त्याऐवजी मुदत २० वर्षंच ठेवून हप्ता ४६,६०७ केला, म्हणजे महिन्याला ३,२१६ रुपये वाढवले, तर जादा भरणा होतो ७.७ लाखांचा. दरवाढ एकच, पण ती कशी पेलायची या एका निर्णयात २२ लाखांचा फरक आहे. आणि हा निर्णय बहुतेक वेळा कर्जदाराने घेतलेलाच नसतो.

हे काल्पनिक नाही. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रिझर्व्ह बँकेने रेपो दर, म्हणजे ती बँकांना ज्या दराने उसने पैसे देते तो, ४ टक्क्यांवरून ६.५ टक्क्यांवर नेला. त्याआधी ६.७ टक्क्यांच्या आसपास गृहकर्जं मिळत होती. ५० लाख, २० वर्षं, ६.७ टक्के धरले तर हप्ता ३७,८७०. वर्षभराने शिल्लक ४८.७७ लाख. सोयीसाठी अडीच टक्क्यांची वाढ एकदम झाली असं धरू. ९.२ टक्क्यांनी महिन्याचं व्याज ३७,३८९ होतं. मुद्दलाला उरले ४८० रुपये. त्या चालीने कर्ज फिटायला ४७ वर्षांहून जास्त लागतील. व्याज आणखी थोडं वाढलं असतं तर हप्ता व्याजालाही पुरला नसता आणि नियमित भरूनही शिल्लक वाढत गेली असती.

याच कारणाने रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ ला नियम काढले. दर बदलला की हप्त्यावर आणि मुदतीवर काय परिणाम होतो ते बँकेने लगेच कळवायचं. हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे निवडायची मुभा कर्जदाराला द्यायची. दर तिमाहीला आतापर्यंत वसूल झालेलं मुद्दल, वसूल झालेलं व्याज, हप्त्याची रक्कम आणि उरलेले हप्ते दाखवणारं विवरण द्यायचं. मुदत वाढवून कर्ज उलटं फुगत जाईल अशी स्थिती येऊ द्यायची नाही. नियम चांगले आहेत, पण तुम्ही काहीच कळवलं नाहीत तर व्यवहारात मुदतच वाढते. म्हणून ते तिमाही विवरण उघडा आणि त्यातला ‘उरलेले हप्ते’ हा एकच आकडा मागच्या विवरणाशी ताडून बघा. तीन महिन्यांत तो तीनने कमी व्हायला हवा. झाला नसेल तर बँकेला लेखी कळवा की मुदत मूळचीच ठेवून हप्ता वाढवावा.

उलट बाजूही लक्षात ठेवा. २०२५ मध्ये फेब्रुवारी ते जून या काळात रेपो एक टक्क्याने उतरला. अशा वेळी हप्ता कमी करून घ्यायचा मोह होतो. मुदत आधी वाढून बसली असेल तर हप्ता तसाच ठेवा आणि मुदत खाली येऊ द्या.

दर कशाला जोडलाय हेही बघायला हवं. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी फ्लोटिंग गृहकर्जं रेपोसारख्या बाहेरच्या मानदंडाला जोडावी लागतात आणि किमान तीन महिन्यांतून एकदा दराचा रिसेट व्हावा लागतो. त्याआधीचं कर्ज एमसीएलआर किंवा बेस रेटवर, म्हणजे बँकेने स्वतः काढलेल्या जुन्या संदर्भ दरांवर, अडकलेलं असू शकतं. गृहवित्त कंपन्यांना हे बंधन नाही. त्या आपापला संदर्भ दर ठरवतात, त्यामुळे रेपो उतरला तरी तुमचा दर तेवढा उतरेल याची खात्री नसते. बँकेतही तुमचा दर म्हणजे रेपो अधिक स्प्रेड, म्हणजे बँक त्यावर चढवते ते टक्के. नव्या गिऱ्हाइकाला ओढायला बँक स्प्रेड कमी करते, जुन्याचा तसाच राहतो. वर्षातून एकदा आपल्याच बँकेचा नव्या कर्जाचा दर बघा. फरक ०.२५ टक्क्यांहून जास्त दिसला तर दर कमी करून मागा. त्यासाठी थोडी कन्व्हर्जन फी (दर बदलून देण्याचा आकार) लागते, पण हा सगळ्यात स्वस्त मार्ग आहे.

सुरुवातीचे खर्च. प्रोसेसिंग फी १ टक्का असेल तर ५० लाखांवर ५० हजार, त्यावर १८ टक्के जीएसटी, मिळून ५९ हजार. कर्ज पूर्ण २० वर्षं चाललं तर यामुळे ८.५ चा प्रत्यक्ष दर साधारण ८.६६ होतो, तीन वर्षांतच बंद केलं तर तोच भार ०.४५ टक्क्याच्या घरात जातो. थोडक्यात, लवकर फेडणाऱ्याला फी जास्त बोचते. १ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक किरकोळ कर्जासोबत ‘की फॅक्ट स्टेटमेंट’ देणं बंधनकारक आहे. त्यात सगळे आकार धरून वार्षिक दर, म्हणजे एपीआर, छापलेला असतो. दोन बँकांची तुलना त्या आकड्यावर करा, जाहिरातीतल्या दरावर नको. मुद्रांक शुल्क आणि नोंदणी हा कर्जाचा नव्हे तर घराचा खर्च, पण साधारणपणे त्याला कर्ज मिळत नाही आणि तो खिशातूनच जातो. नोंदणी फी महाराष्ट्रात १ टक्का, कमाल ३० हजार. शिवाय ३० लाखांच्या वर ७५ लाखांपर्यंतच्या कर्जाला घराच्या किमतीच्या ८० टक्केच मिळतात, तेव्हा रोकड आधीच मोजून ठेवा.

विमा ही सगळ्यात हुशारीने विकली जाणारी वस्तू. मंजुरीच्या टेबलावर एकरकमी हप्त्याची पॉलिसी पुढे येते आणि ‘कर्जातच टाकू, तुम्हाला काही भरायचं नाही’ असं सांगतात. दीड लाखांचा प्रीमियम कर्जात मिसळला की २० वर्षांत त्याचे ३.१२ लाख होतात. त्यात त्या विम्याचं कवच मूळ वेळापत्रकाप्रमाणे घटत जातं. मुदत वाढली की कर्ज उरतं आणि कवच संपलेलं असतं. कर्जाला विमा हवाच, पण वेगळा, साधा टर्म विमा घ्या. कर्ज कुठेही नेलंत तरी तो तुमचाच राहतो.

बांधकाम चालू असलेलं घर असेल तर प्री-ईएमआय, म्हणजे ताबा मिळेपर्यंत उचललेल्या रकमेवर भरायचं नुसतं व्याज, वेगळा मांडा. सरासरी ३० लाख उचललेले आणि ताबा तीन वर्षांनी, असं धरलं तर महिन्याला २१,२५० रुपये नुसतं व्याज, एकूण ७.६५ लाख, आणि मुद्दल जिथल्या तिथे. कॅल्क्युलेटरच्या ५४ लाखांत हे नसतं. ताबा लांबला की हाच आकडा वाढत जातो. झेपत असेल तर पहिल्यापासून पूर्ण हप्ता सुरू करायला सांगा.

आता जादा भरणा. व्यक्तीच्या नावावरच्या फ्लोटिंग गृहकर्जाला प्रीपेमेंटचा (जादा भरण्याचा) किंवा फोरक्लोजरचा (मुदतीआधी कर्ज बंद करण्याचा) आकार लावता येत नाही. फिक्स्ड दराला लागू शकतो, करार वाचा. वर्षाला एक हप्ता जास्तीचा भरला तर कर्ज २४० ऐवजी साधारण २०० महिन्यांत संपतं आणि दहा लाखांहून जास्त व्याज वाचतं. पैसे भरताना ‘मुदत कमी करा’ हे स्पष्ट लिहा. काही ठिकाणी हप्ता कमी केला जातो आणि मग फायदा पातळ होतो.

इथे एक गैरसमज दूर करायला हवा. पहिल्या वर्षाअखेर एक लाख भरले तर ३.८ लाख व्याज वाचतं, पंधराव्या वर्षाअखेर भरले तर फक्त ५१ हजार. यावरून ‘आता उशीर झाला, भरून काय उपयोग’ असं लोक म्हणतात. ते खरं नाही. दोन्ही वेळा तुम्हाला त्या लाखावर ८.५ टक्केच मिळतात, फक्त पहिल्या वेळी ते जास्त वर्षं मिळतात. तेव्हा तुलना कर्जाच्या दराशी करायची: कर कापून, जोखीम न घेता ८.५ टक्के दुसरीकडे मिळत असतील तर तिकडे ठेवा. मुदत ठेवीत ते बहुधा मिळत नाहीत. मात्र सहा महिन्यांचे हप्ते आणि घरखर्च बाजूला काढल्याशिवाय प्रीपेमेंट करू नका. कर्जात गेलेला पैसा अडीनडीला परत मिळत नाही. ओव्हरड्राफ्ट पद्धतीचं गृहकर्ज, ज्यात जादा भरलेले पैसे लागतील तेव्हा काढता येतात, यावर उपाय आहे, पण त्याचा दर थोडा जास्त असतो. खात्यात मोठी शिल्लक ठेवणाऱ्यालाच ते परवडतं.

५४ लाखांकडे घाबरून बघू नका, याचंही गणित आहे. महागाई ५ टक्के धरली तर २० वर्षांनंतरचे ४३,३९१ रुपये आजच्या सुमारे १६,३५० इतके असतील. सगळे हप्ते आजच्या किमतीत आणले तर बेरीज साधारण ६५.७५ लाख होते. म्हणजे ५० लाखांवर खरा बोजा पावणेसोळा लाखांचा. अर्थात, पगार महागाईबरोबर वाढला तरच हे समाधान कामाचं.

करसवलतीवर फार विसंबू नका. राहत्या घराच्या व्याजाची वजावट जुन्या करप्रणालीतच मिळते आणि तीही वर्षाला २ लाखांपर्यंत. पहिल्या वर्षाचं व्याज ४.२१ लाख आहे, म्हणजे निम्म्याहून जास्त व्याजाला सवलतच नाही. ३० टक्क्यांच्या टप्प्यात सेस धरून जास्तीत जास्त ६२,४०० वाचतात. नव्या प्रणालीत राहत्या घराला ही वजावट नाही. तेव्हा ‘कर वाचतो म्हणून कर्ज राहू दे’ हे ऐकलं की आधी आपण कोणत्या प्रणालीत आहोत ते तपासा.

हे सगळं स्वतः करून बघायला एक्सेल पुरे. ‘एनपीईआर’ सूत्रात महिन्याचा दर, उणे चिन्हासह हप्ता आणि शिल्लक टाकली की उरलेले हप्ते येतात. हप्ता काढायला ‘पीएमटी’. दर बदलला की दोन्ही चालवा, पाच मिनिटांचं काम आहे.

शेवटी बॅलन्स ट्रान्सफर, म्हणजे शिल्लक कर्ज दुसऱ्या बँकेत नेणं. पाच वर्षांनी ४४.०६ लाख शिल्लक असताना ८ टक्क्यांनी दुसरीकडे गेलात आणि उरलेली १५ वर्षंच ठेवलीत तर हप्ता ४२,१०६ होतो आणि एकूण २.३ लाख वाचतात. त्यातून नवी प्रोसेसिंग फी, वकिलाची आणि मूल्यांकनाची फी, गहाणाच्या कागदांचा नव्याने होणारा खर्च वजा करा. पण नवी बँक पुन्हा २० वर्षं देऊ करते. हप्ता ३६,८५४ वर येतो, साडेसहा हजारांनी कमी, सगळे खूश. एकूण भरणा मात्र ७८.१ लाखांऐवजी ८८.४५ लाख होतो. दर कमी होऊनही दहा लाखांहून जास्त गेले. तुमच्या बाबतीत कर्ज अजून नवं आहे आणि फरक पाव टक्क्याचाच आहे, तेव्हा आधी चालू बँकेकडे स्प्रेड कमी करायचा अर्ज द्या. नाही म्हणाले तरच हला. तेव्हा मंजुरीपत्रात उरलेल्या महिन्यांचा आकडा जुन्याइतकाच लिहून घ्या. जुन्या बँकेने कर्ज पूर्ण फिटल्यावर ३० दिवसांत घराचे मूळ कागद सोडले पाहिजेत. तिच्या चुकीमुळे उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाईचा नियम १ डिसेंबर २०२३ पासून लागू आहे. म्हणून कर्ज मिटवल्याची पोच तारखेसह जपून ठेवा.