चौकशी लांबली तर उपदान (ग्रॅच्युइटी) अडकेल. मग मुलाच्या फ्लॅटचं काय?

नागपुरातल्या मानेवाड्याहून एका मुख्याध्यापकांचं पत्र आलंय. खासगी अनुदानित शाळेत 33 वर्षं सेवा, येत्या 30 जूनला निवृत्ती. मार्चमध्ये संस्थेनं 2019-20 च्या शालेय पोषण आहाराच्या तांदळाचा हिशेब जुळत नाही म्हणून सात दिवसांत खुलासा मागितला. खुलासा दिला, त्यावर उत्तर नाही. आता संस्थेचे सचिव तोंडी सांगतात, ‘3 लाख 60 हजार भरून टाका, निवृत्तिवेतनाचे कागद पुढे पाठवतो.’ तिकडे मुलानं बेशाला 52 लाखांचा फ्लॅट पाहिलाय. एक लाख देऊन झालेत आणि उपदानातून 12 लाख दिवाळीपर्यंत द्यायचा शब्द सरांनी दिलाय. विचारतात, पैसे भरून मोकळं व्हावं का?

सर, भरू नका. निदान असे तरी नाही.

आधी हातातला कागद नेमका कोणता, ते बघा. आरोप कळवून खुलासा मागणं ही पहिली पायरी. दोषारोपपत्र त्यानंतरचं. ते मिळालं की चौकशी रीतसर सुरू झाली असं निवृत्तिवेतन नियम धरतात (निलंबन आधी झालं असेल तर त्या तारखेपासून). तुम्ही निलंबित नाही आणि पत्रात दोषारोपपत्राचा उल्लेखही नाही. ते 30 जूनपर्यंत आलं नाही, तर महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, 1982 मधला नियम 27 तुमच्या बाजूनं उभा राहतो. निवृत्तीनंतर नवी चौकशी लावायला शासनाची मंजुरी लागते आणि चार वर्षांपेक्षा जुन्या घटनेसाठी ती लावताच येत नाही. तुमचा तांदूळ 2019-20 चा.

दोषारोपपत्र त्याआधी आलं तर चार वर्षांची ढाल गेली. तरी खासगी शाळांची शिस्तभंगाची कारवाई ज्या 1981 च्या नियमावलीनं चालते, त्यात निवृत्तीनंतर चौकशी पुढे चालवायची तरतूद नाही. तशी तरतूद नसेल तर निवृत्तीनंतर चौकशी टिकत नाही, असं सर्वोच्च न्यायालयानं 1999 मध्ये ओरिसाच्या वित्त महामंडळाच्या प्रकरणात म्हटलंय. निवृत्तिवेतन कापायचा अधिकार नियम 27 देतो तो शासनाला. संस्थेच्या सचिवांना नाही. हा मुद्दा उच्च न्यायालयात शाळांची प्रकरणं चालवणाऱ्या वकिलाकडून लेखी घ्या. दहा-पंधरा हजार जातील, जाऊ द्या.

पण मी वकील नाही, मला तुमच्या पासबुकाची काळजी. बाजू कितीही भक्कम असो, चौकशी प्रलंबित असल्याचा शेरा कागदांवर पडला की निवृत्तीचे पैसे मंजूर करणाऱ्या, सिव्हिल लाइन्सच्या महालेखापाल कार्यालयातून उपदान सुटत नाही. 1982 च्याच नियमांतल्या नियम 130 प्रमाणे तात्पुरतं निवृत्तिवेतन मिळतं, उपदान मात्र निकालापर्यंत थांबतं. अंशराशीकरणही, म्हणजे निवृत्तिवेतनाचा काही हिस्सा विकून एकरकमी पैसे घेणं, होत नाही. तुमच्याच आकड्यांनी साडेतेरा लाख उपदान आणि साडेसोळा लाख अंशराशीकरण, म्हणजे तीस लाख दिवाळीला नसतीलच असं धरून चला. त्यातलं अंशराशीकरण बुडत नाही, हे घरी समजावून सांगा. विकला न गेलेला तो हिस्सा दरमहा निवृत्तिवेतनात येतच राहतो.

मग भरून टाकण्यात वाईट काय? माझ्या एका ग्राहकानं असेच भरले होते. पावती हातात आली तेव्हा तीवर लिहिलं होतं, ‘अपहाराची रक्कम परत.’ पुढच्या प्रत्येक कार्यालयात तीच पावती त्याच्या आधी पोचली. शिवाय सचिव चौकशी मिटवतील, पण शिक्षणाधिकाऱ्यांना किंवा पोलिसांना ते बांधू शकत नाहीत. हिशेबात खरंच फरक निघाला, तर वकिलामार्फत, हरकत नोंदवून, बँकेतून भरा. रोख तर मुळीच नको.

आता फ्लॅट. नोंदणीकृत करारनामा झाल्याशिवाय बिल्डर दहा टक्क्यांपेक्षा जास्त घेऊ शकत नाही, घरबांधणी प्रकल्पांवर नियंत्रण ठेवणाऱ्या रेरा कायद्यात तसं आहे. म्हणून करारावर सही होईपर्यंत तुमच्याकडे वेळ आहे आणि ती सही उपदानाच्या भरवशावर करू नका. मिहानमध्ये (नागपूर विमानतळाजवळचं उद्योगक्षेत्र) पगार घेणाऱ्या मुलानं कर्ज वाढवावं, नाहीतर लहान फ्लॅट बघावा. बापाचा शब्द मोडतोय असं वाटेल, तरी आत्ता मोडलेला शब्द करारानंतर थकलेल्या हप्त्यापेक्षा स्वस्त पडतो.

भविष्य निर्वाह निधीचे 18 लाख मात्र चौकशीत अडकत नाहीत. घरखर्च 38 हजार लिहिलाय आणि मूळ निवृत्तिवेतनच 41 हजारांच्या आसपास, वर महागाई भत्ता; सुरू झालं की पुरेल. सुरू व्हायला महिने लागतात म्हणून अडीच लाख बचत खात्यात ठेवा, दीड लाख वकील आणि धावपळीसाठी. दहा लाख ज्येष्ठ नागरिक बचत योजनेत टाका. तुम्ही साठीच्या आत आहात, त्यामुळे पैसे हाती आल्यापासून तीन महिन्यांत खातं उघडावं लागेल आणि निवृत्तीच्या रकमेचा पुरावा द्यावा लागेल. सध्याच्या 8.2 टक्क्यांनी तिमाहीला 20,500 रुपये येतात. मधेच मोडलं तर कपात होते, म्हणून सगळे अठरा त्यात कोंबू नका. उरलेल्या चार लाखांपैकी तीन मुलाला द्यायचे तर द्या.

आणखी एक, हे या आठवड्यातच करा. 30 जूनपर्यंत दप्तर तुमच्या ताब्यात आहे. पोषण आहाराची साठा नोंदवही, तांदळाच्या पोचपावत्या, केंद्रप्रमुखांचे भेटीचे शेरे यांच्या साक्षांकित प्रती काढून घ्या. कार्यभार देताना प्रत्येक रजिस्टरचं नाव आणि पानसंख्या यादीत लिहा, आणि खाली नव्या मुख्याध्यापकांची तारखेसह सही घेतल्याशिवाय कपाटाची किल्ली देऊ नका.