घनमूळ काढायला आकडेमोड लागत नाही

अगं, आधी १ ते ९ चे घन तोंडपाठ कर. नाशिकरोडहून सीबीएसला बसने येतेस ना, तेवढ्या वेळात होतील. १, ८, २७, ६४, १२५, २१६, ३४३, ५१२, ७२९. शेवटचे अंक नीट बघ: २ चा घन ८ वर संपतो, ८ चा २ वर, ३ आणि ७ चंही तसंच उलटसुलट. बाकीचे आपापल्याच अंकावर.

आता ७९५०७ घे. उजवीकडून तीन अंक सोड: ७९ आणि ५०७. शेवटी ७, म्हणजे घनमूळाचा एकक ३. ७९ हे ६४ च्या पुढे, १२५ च्या आत, म्हणून दशक ४. उत्तर ४३. इथे मुलं हमखास जवळचा घन धरतात. तसं करू नकोस, नेहमी लहानच घ्यायचा. ११० असतं तरी ४ च.

पण ही युक्ती फक्त पूर्ण घनालाच चालते. ७९५१७ दिलं तरी ती ४३ च सांगेल! शंका आली तर अंकांची बेरीज एक अंक उरेपर्यंत कर. १, ८ किंवा ९ सोडून काही आलं, तर तो घन नाहीच. इथे २ येतात. मात्र १, ८, ९ आले म्हणून घन असेलच असं नाही. तेव्हा गुणून बघ.