हिटलर बहुमताने निवडून आला आणि मग त्याने राज्यघटना रद्द केली, हे खरं आहे का?

तुम्ही विचारलं आहे की स्पर्धा परीक्षेच्या पुस्तकांत आणि व्हॉट्सअ‍ॅपवरही "हिटलर लोकशाही मार्गाने बहुमत मिळवून आला आणि मग त्याने घटना रद्द केली" असं वाचायला मिळतं, तर ते कितपत खरं आहे, आणि भारतीय घटनेतल्या आणीबाणीचा वायमारशी, म्हणजे हिटलरच्या आधीच्या जर्मन प्रजासत्ताकाशी, काय संबंध आहे.

या वाक्याचे दोन्ही अर्धे चूक आहेत. मोकळ्या वातावरणातल्या एकाही निवडणुकीत नाझी पक्षाला बहुमत मिळालं नव्हतं. आणि १९१९ ची वायमार राज्यघटना रीतसर रद्द कधी झालीच नाही, ती कागदावर तशीच राहिली. तिच्यातलीच कलमं वापरून तिला आतून पोकळ केलं गेलं, आणि त्यातलं बरंचसं काम हिटलर चॅन्सलर, म्हणजे सरकारप्रमुख, होण्याआधी इतरांनी करून ठेवलं होतं.

आधी आकडे बघा. मे १९२८ मध्ये नाझींना २.६ टक्के मतं आणि १२ जागा मिळाल्या. सप्टेंबर १९३० मध्ये १८.३ टक्के आणि १०७ जागा. जुलै १९३२ मध्ये ३७.३ टक्के, म्हणजे ६०८ पैकी २३० जागा. मोकळ्या निवडणुकीतला हा त्यांचा उच्चांक. त्यानंतर चारच महिन्यांनी, नोव्हेंबर १९३२ मध्ये, ते ३३.१ टक्क्यांवर आणि १९६ जागांवर घसरले. जवळपास वीस लाख मतं गेली. म्हणजे हिटलरच्या हाती सत्ता आली तेव्हा त्याची लाट ओसरायला लागली होती. राष्ट्राध्यक्षपदाच्या निवडणुकीतही एप्रिल १९३२ च्या दुसऱ्या फेरीत हिंडेनबुर्गने ५३ टक्के मतं घेऊन त्याला हरवलं, हिटलरला ३६.८ टक्के मिळाली होती.

इथे आणखी एक गैरसमज निस्तरतो. पाव विकत घ्यायला गाडाभर नोटा लागायच्या ती महागाई १९२३ ची. १९३२ चं संकट नेमकं उलटं होतं: भाव आणि पगार घसरत होते, सरकार खर्च कापत होतं आणि १९३२ च्या सुरुवातीला नोंदणीकृत बेरोजगार साठ लाखांच्या वर गेले होते. परीक्षेत "अतिमहागाईमुळे हिटलर आला" असं लिहिणारे थेट दहा वर्षं चुकतात.

आता यंत्रणा समजून घेऊ. वायमार घटनेतली तीन कलमं एकत्र वाचल्याशिवाय काहीच उलगडत नाही. कलम ५३ नुसार चॅन्सलरची नेमणूक राष्ट्राध्यक्ष करायचा, त्यासाठी संसदेचा, म्हणजे राइशस्टागचा, आधी होकार लागत नसे. कलम ४८ नुसार सार्वजनिक सुरक्षितता धोक्यात आली तर राष्ट्राध्यक्षाला वटहुकूम काढता येत, काही मूलभूत हक्क स्थगित करता येत आणि सैन्यही वापरता येई. यावर अंकुश होता: राइशस्टाग साध्या बहुमताने तो वटहुकूम रद्द करायला लावू शकत असे. पण कलम २५ नुसार राष्ट्राध्यक्ष राइशस्टागच विसर्जित करू शकत होता. अंकुश ज्याच्या हातात, त्यालाच घरी पाठवायची सोय घटनेत होती.

ही फट पहिल्यांदा उघडली जुलै १९३० मध्ये, आणि ती उघडणारा नाझी नव्हता. सेंटर पक्षाचा हाइनरिश ब्र्युनिंग चॅन्सलर होता. त्याचा आर्थिक काटकसरीचा कार्यक्रम संसदेने फेटाळला. त्याने तोच कार्यक्रम कलम ४८ खाली वटहुकूम म्हणून काढला. १८ जुलैला संसदेने तो वटहुकूमही रद्द केला. त्याच दिवशी हिंडेनबुर्गने संसद विसर्जित केली आणि थोड्याच दिवसांत वटहुकूम पुन्हा जारी झाला. माझ्या मते ३० जानेवारी १९३३ पेक्षा ही तारीख जास्त महत्त्वाची आहे. या विसर्जनामुळे सप्टेंबरात निवडणूक झाली आणि नाझी १२ वरून १०७ वर गेले.

पुढे हीच पद्धत पडली. १९३० मध्ये असे वटहुकूम पाच होते. १९३२ पर्यंत ते साठच्या घरात गेले आणि त्या अख्ख्या वर्षात संसदेने मंजूर केलेले कायदे मात्र पाच. सोशल डेमोक्रॅट पक्ष नाझींच्या भीतीने ब्र्युनिंगला नाइलाजाने सहन करत राहिला. जुलै १९३२ नंतर तर नाझींचे २३० आणि कम्युनिस्टांचे ८९ मिळून ३१९ झाले, म्हणजे ६०८ च्या सभागृहात निम्म्याहून जास्त. हे दोघं एकमेकांचे कट्टर शत्रू होते, एकत्र सरकार बनवणं अशक्यच. पण कुठलंही सरकार पाडायला दोघांची बेरीज पुरेशी होती. १२ सप्टेंबर १९३२ ला ब्र्युनिंगनंतरचा चॅन्सलर फ्रान्ट्स फॉन पापेन याच्या सरकारवर अविश्वास ठराव आला तो ५१२ विरुद्ध ४२ मतांनी. युद्धानंतर पश्चिम जर्मनीने १९४९ च्या मूलभूत कायद्यात, म्हणजे आपल्या नव्या राज्यघटनेत, कलम ६७ घातलं ते यावरूनच: चॅन्सलरला हटवायचं तर त्याच ठरावाने नवा चॅन्सलर निवडावा लागतो.

पापेनचंच आणखी एक काम पुस्तकांतून नेहमी सुटतं. २० जुलै १९३२ ला त्याने कलम ४८ वापरून प्रशियाचं सोशल डेमोक्रॅट नेतृत्वाखालचं राज्य सरकार बरखास्त केलं. प्रशिया म्हणजे देशाची जवळपास तीन पंचमांश लोकसंख्या आणि देशातलं सगळ्यात मोठं पोलीस दल. ते दल आता केंद्राच्या हातात आलं. सहा महिन्यांनी हीच किल्ली हिटलरचा सहकारी गोरिंग याला तयार मिळाली.

३० जानेवारी १९३३ चा सौदा असा झाला. पापेनला पायउतार करून कुर्ट फॉन श्लायशर चॅन्सलर झाला होता, त्याचा सूड पापेनला घ्यायचा होता. ४ जानेवारीला कोलोनमध्ये एका बँकरच्या घरी पापेन आणि हिटलर भेटले. पुढच्या काही आठवड्यांत पापेनने ८५ वर्षांच्या हिंडेनबुर्गचं मन वळवलं: हिटलर चॅन्सलर, पापेन उपचॅन्सलर, आणि मंत्रिमंडळात नाझी फक्त तीन. बाकी सगळे जुने पुराणमतवादी, म्हणजे हिटलरला वेसण घातली अशी त्यांची खात्री. त्यांनी डोकी मोजली, खाती बघितली नाहीत. विल्हेल्म फ्रिककडे देशाचं गृहखातं गेलं आणि हेर्मान गोरिंगकडे प्रशियाचं. हिटलर स्वतः धरून तीन माणसं, आणि पोलीस त्यांच्याकडे.

हिटलरने लगेच नवी निवडणूक मागून घेतली, ५ मार्चची. ४ फेब्रुवारीच्या वटहुकुमाने सभा आणि वृत्तपत्रं यांच्यावर बंदी घालायचे अधिकार आले. १७ फेब्रुवारीला गोरिंगने प्रशियाच्या पोलिसांना बंदूक चालवताना मागेपुढे बघू नका, असा आदेश दिला. २२ तारखेला एसए आणि एसएस या नाझींच्या आणि श्टालहेल्म या माजी सैनिकांच्या गणवेशधारी संघटनांतले सुमारे ५०,००० लोक "सहाय्यक पोलीस" म्हणून भरती झाले. गणवेश संघटनेचाच, वर दंडाला पांढरी पट्टी. काल रस्त्यावर मारामारी करणाराच आज पट्टी बांधून अटक करू लागला.

२७ फेब्रुवारीच्या रात्री राइशस्टागच्या इमारतीला आग लागली. मारिनुस फान डेर लुब हा २४ वर्षांचा डच तरुण आतच पकडला गेला. आग त्याने एकट्याने लावली की नाही यावर इतिहासकार दशकानुदशकं वाद घालत आले आहेत. तुमच्या प्रश्नासाठी दुसऱ्या दिवशीचा कागद जास्त महत्त्वाचा.

२८ फेब्रुवारीच्या वटहुकुमाने घटनेची सात कलमं स्थगित केली: ११४, ११५, ११७, ११८, १२३, १२४ आणि १५३. त्यात वैयक्तिक स्वातंत्र्य, घराची अभेद्यता, टपाल, तार आणि फोनची गुप्तता, अभिव्यक्ती, सभा, संघटना आणि मालमत्ता हे सगळं आलं. मुदत काय, तर "पुढील सूचना मिळेपर्यंत". ती सूचना बारा वर्षं आली नाही. अटक झालेल्याला न्यायाधीशासमोर उभं करायची सक्ती नाही, म्हणून "संरक्षक कोठडी" हा प्रकार सुरू झाला: आरोपपत्र नाही, खटला नाही, सुटकेची तारीख नाही. २२ मार्चला म्युनिकजवळ डाखाऊची छळछावणी उघडली. वटहुकुमाच्या दुसऱ्या कलमाने राज्यांची सत्ता ताब्यात घ्यायचा अधिकारही केंद्राला मिळाला, आणि मार्च महिन्यातच बव्हेरियासकट उरलेली राज्यं एकामागून एक खालसा झाली.

एवढं करूनही ५ मार्चला नाझींना ४३.९ टक्केच मिळाले, ६४७ पैकी २८८ जागा. मित्रपक्षाच्या ५२ धरून ३४०. सरकार चालवायला पुरेसं बहुमत, पण हिटलरला एनेबलिंग अ‍ॅक्ट हवा होता, म्हणजे मंत्रिमंडळालाच कायदे करायचा अधिकार. तो घटनादुरुस्तीच्या बरोबरीचा होता. कलम ७६ च्या दोन अटी होत्या: एकूण सदस्यांपैकी दोन तृतीयांश हजर हवेत, आणि हजर असलेल्यांपैकी दोन तृतीयांश बाजूने हवेत.

ही बेरीज कागदावर मांडून बघाच. ६४७ चे दोन तृतीयांश म्हणजे ४३२. म्हणजे २१६ जण गैरहजर राहिले की गणसंख्याच भरत नाही. सोशल डेमोक्रॅट १२० आणि कम्युनिस्ट ८१ मिळून २०१. आणखी फक्त १५ जणांनी बाहेर राहायचं ठरवलं असतं तर मतदान घेताच आलं नसतं. हे फ्रिक आणि गोरिंगला दिसत होतं, म्हणून त्यांनी सभागृहाचे नियम बदलून घेतले: योग्य कारणाशिवाय गैरहजर असलेला सदस्य हजर धरला जाईल. कारण योग्य की अयोग्य हे ठरवणार सभापती, आणि सभापती स्वतः गोरिंग. कम्युनिस्ट सदस्य तुरुंगात तरी होते नाहीतर भूमिगत, त्यांना सभागृहात येऊच दिलं नाही. सोशल डेमोक्रॅटांचेही २६ जण अटकेमुळे किंवा परागंदा झाल्यामुळे येऊ शकले नाहीत.

२३ मार्चला क्रोल ऑपेरा हाउसमध्ये बैठक झाली. बाहेर आणि आत एसएचे लोक उभे. उरलेले सगळे ९४ सोशल डेमोक्रॅट विरोधात गेले. त्यांचा नेता ओटो वेल्स म्हणाला की आमचं स्वातंत्र्य आणि आमचा जीव तुम्ही घेऊ शकता, आमचा सन्मान नाही. अशा सभागृहात उभं राहून हे बोलायला काय लागत असेल, याचा विचार जरूर करा. ठराव ४४४ विरुद्ध ९४ ने मंजूर झाला.

मतं पडली ५३८, त्यांचे दोन तृतीयांश ३५९. सरकारचे ३४० आणि छोट्या पक्षांचे सगळे १४ मिळूनही ३५४ होतात. म्हणजे कॅथलिक सेंटर पक्ष आणि त्याचा बव्हेरियातला सहकारी पक्ष, दोन्ही मिळून ९२ सदस्य, विरोधात गेले असते तर त्या दिवशी हा कायदा पडला असता. सेंटरचा नेता लुडविग कास याने हिटलरकडे लेखी आश्वासन मागितलं होतं. पत्र निघालंय, येतंय, असं सांगितलं गेलं. ते कधीच आलं नाही, तरी पक्षाने होकार दिला. ब्र्युनिंगचा पक्षात विरोध होता, पण पक्षशिस्तीसाठी त्यानेही बाजूनेच मत टाकलं. भीती खरी होती, पण ९४ जणांनाही तीच भीती होती. म्हणून या पक्षाला मी माफ करू शकत नाही.

कायदा होता पाच कलमांचा. सरकारने केलेले कायदे घटनेला सोडून असू शकतील, फक्त संसदेची दोन सभागृहं आणि राष्ट्राध्यक्षाचे अधिकार यांना हात लागणार नाही, असं त्यात लिहिलं होतं. मुदत १ एप्रिल १९३७. ती १९३७ आणि १९३९ मध्ये त्याच बाहुल्या संसदेकडून वाढवून घेतली, १९४३ मध्ये हिटलरने स्वतःच वाढवली.

उरलेलं भराभर झालं. ७ एप्रिलच्या कायद्याने ज्यू आणि राजकीयदृष्ट्या नको असलेले सरकारी नोकर काढले गेले. २ मेला कामगार संघटनांची कार्यालयं ताब्यात घेतली. २२ जूनला सोशल डेमोक्रॅट पक्षावर बंदी आली. ५ जुलैला सेंटर पक्षाने स्वतःच स्वतःला विसर्जित केलं आणि १४ जुलैला नवे पक्ष काढणं गुन्हा ठरलं. फेब्रुवारी १९३४ मध्ये राज्यांचं सभागृह, राइशस्राट, रद्द झालं, म्हणजे एनेबलिंग अ‍ॅक्टची स्वतःची अटही मोडली. ३० जून १९३४ ला एसएचा प्रमुख र्‍योम, श्लायशर आणि त्याची बायको असे कितीतरी लोक मारले गेले, आणि ३ जुलैला एका वाक्याच्या कायद्याने त्या हत्या "राज्याचा स्वसंरक्षणाचा हक्क" ठरल्या. पापेनचे जवळचे सहकारीही त्यात गेले, तो स्वतः नजरकैदेत होता. २ ऑगस्टला हिंडेनबुर्ग वारला, त्याचं पद हिटलरने आपल्या पदात विलीन केलं आणि सैन्याने शपथ देशाच्या नव्हे, हिटलरच्या नावाने घेतली.

आता भारताचा संबंध. आणीबाणीत मूलभूत हक्क स्थगित करायची कल्पना वायमारकडून आली, असं तुमच्या पुस्तकात असेल. ऑगस्ट १९४९ मध्ये संविधान सभेत ह. वि. कामथ यांनी नेमका वायमारचाच दाखला देऊन या तरतुदींना विरोध केला होता. १९७५ च्या अनुभवानंतर १९७८ च्या ४४ व्या घटनादुरुस्तीने काय बदललं ते वरच्या घटनाक्रमाशी ताडून बघा. कलम ३५२ ची घोषणा आता मंत्रिमंडळाच्या लेखी शिफारशीशिवाय होत नाही. महिन्याभरात दोन्ही सभागृहांची विशेष बहुमताने मंजुरी लागते. दर सहा महिन्यांनी ती नव्याने घ्यावी लागते, त्यामुळे "पुढील सूचना मिळेपर्यंत" ही सोय नाही. कलम २० आणि २१ स्थगित करता येत नाहीत. आणि लोकसभेच्या एक दशांश सदस्यांनी लेखी मागणी केली तर घोषणा नामंजूर करण्याच्या ठरावासाठी चौदा दिवसांत खास बैठक बोलवावी लागते.