शेवाळाचे पापड आणि जेओ बाँग

प्रश्न : लाओसमधील लुआंग प्राबांग येथे नदीच्या शेवाळाचे कुरकुरीत पापड तिखट चटणीबरोबर खाल्ले. ते कसे करतात आणि घरी शाकाहारी पद्धतीने जमतील का?

उत्तर : आपण खाल्लेला पदार्थ म्हणजे कायपेन आणि सोबतची चटणी म्हणजे जेओ बाँग. कोरड्या ऋतूत मेकाँग आणि तिच्या उपनद्यांचे पाणी उतरून निवळले की खडकांवरचे हिरवे शेवाळ काढतात, वाळू निघून जाईपर्यंत ते पुन्हा पुन्हा धुतात आणि पातळ पसरून, वर तीळ, लसणाचे काप व टोमॅटोच्या चकत्या लावून उन्हात कडक वाळवतात. तळणे मात्र नाजूक काम आहे. तुकडा गरम तेलात सोडून काही सेकंदांतच बाहेर काढावा. तो काळपटला की कडवट झालाच म्हणून समजावे.

चटणीसाठी सुक्या मिरच्या, लसूण व लहान कांदे भाजून, आल्याच्या कुळातल्या कुलंजनाबरोबर खलबत्त्यात कुटतात आणि साखर घालून मिश्रण दाट होईपर्यंत परततात. मूळ कृतीत म्हशीचे वाळवलेले कातडे व आंबवलेल्या माशाचा रस असतो. शाकाहारी चटणीत हे दोन्ही वगळून थोडा सोया सॉस घालावा; खमंगपणा किंचित उणावतो, पण गोड-तिखट चव टिकते.

शेवाळ मात्र खाण्यासाठी तयार केलेले, वाळवलेलेच विकत घ्यावे. सांडपाणी मिसळणाऱ्या आपल्या नद्यांतले शेवाळ काढून प्रयोग करणे सर्वस्वी टाळावे. त्याऐवजी जपानी नोरी, म्हणजे वाळवलेल्या शेवाळाचे पातळ कागदासारखे तुकडे, वापरता येते, परंतु ती समुद्री असल्याने चव निराळी लागते.