टेक्सासचं गन लायसन्स आहे, ते घेऊन गाडीने न्यू जर्सीला जाता येतं का?

तुम्ही लिहिलंय की डलासला राहता, ग्रीन कार्ड आहे, टेक्सासचं एलटीसी म्हणजे लायसन्स टू कॅरी (पिस्तूल जवळ बाळगून फिरायचा परवाना) काढलंय, आणि डिसेंबरच्या सुट्टीत बायको-मुलांना घेऊन गाडीने न्यू जर्सीत एडिसनला बहिणीकडे जायचंय. रात्रीचा हायवे, अनोळखी मोटेल, म्हणून पिस्तूल बरोबर असावं असं वाटतंय, आणि ड्रायव्हिंग लायसन्स कसं सगळ्या राज्यांत चालतं तसं हेही चालत असेलच ना.

नाही चालत. म्हणजे बऱ्याच रस्त्यात चालतं, पण जिथे पोचायचंय नेमकं तिथे चालत नाही, आणि तिथे नुसता दंड भरून सुटका होत नाही.

मी वकील नाही, आयटीतला माणूस आहे. पण फिलाडेल्फियाजवळ चौदा वर्षं राहतोय, माझ्याकडे पेनसिल्व्हेनियाचं लायसन्स आहे, शेरीफच्या ऑफिसात 20 डॉलर भरून मिळतं आणि पाच वर्षं चालतं, आणि नदीपलीकडे लगेच न्यू जर्सी, त्यामुळे हा प्रश्न माझ्या रोजच्या जगण्यातला आहे. एकदा शूटिंग रेंजवरून परत आलो, पिस्तूल गाडीच्या दोन सीटमधल्या कन्सोलमध्येच राहिलं, आणि तासाभराने बायको म्हणाली नदीपलीकडे चेरी हिलला जाऊन पोहे आणि कैरी घेऊन येऊ. बेन फ्रँकलिन ब्रिज समोर दिसायला लागला तेव्हा आठवलं. एवढा घाम मला एच-वन व्हिसाच्या इंटरव्ह्यूलाही फुटला नव्हता. शेवटच्या वळणावरून गाडी फिरवून घरी. बायकोला वाटलं पाकीट विसरलो, मी पण तसंच सांगितलं. (त्या ब्रिजला टोल न्यू जर्सीतून बाहेर पडताना लागतो, आत जायला फुकट, त्यावर इथे सगळ्यांचे विनोद करून झालेत.)

आता तुमचा रस्ता. डलासहून आय-30 ने लिटल रॉक, मग आय-40 ने मेम्फिस, नॅशव्हिल, नॉक्सव्हिल, पुढे आय-81 धरून अख्खं व्हर्जिनिया वर चढायचं, नंतर वेस्ट व्हर्जिनियाचा आणि मेरीलँडचा छोटा छोटा तुकडा, मग पेनसिल्व्हेनिया आणि आय-78 ने न्यू जर्सी. आर्कन्सॉ, टेनेसी, वेस्ट व्हर्जिनिया इथे काळजी नाही, तिथे आता 21 वर्षांवरच्या माणसाला परमिट लागतच नाही, तुमच्या टेक्सासमध्ये 1 सप्टेंबर 2021 पासून जसं झालंय तसंच. तरी लोक टेक्सासचं एलटीसी का काढतात, तर हेच, प्रवासासाठी. व्हर्जिनियात बाहेरच्या राज्याचं परमिट आणि फोटो आयडी लागतो, पेनसिल्व्हेनिया टेक्सासचं मानतं.

मेरीलँड कुणाचंच मानत नाही. आय-81 वर हेगर्सटाउनपाशी मेरीलँड जेमतेम बारा मैल आहे, मुलं मागे "अजून किती वेळ" विचारेपर्यंत संपतं, पण त्या बारा मैलांत लोडेड पिस्तूल कमरेला असेल तर तो तिथला गुन्हा, मागे-पुढे दोन्हीकडे कायदेशीर असलं तरी. न्यू जर्सीही कुणाचं मानत नाही. न्यू यॉर्क नाही, आणि त्यातही न्यू यॉर्क सिटीचं अजून वेगळं, त्याच राज्याचं बाहेरच्या काउंटीतलं लायसन्स शहरात चालत नाही, तेव्हा एडिसनला आलोच आहोत तर ट्रेनने टाइम्स स्क्वेअर दाखवू मुलांना, हे पिस्तुलासकट डोक्यातून काढून टाका. कॅलिफोर्निया, मॅसॅच्युसेट्स, कनेक्टिकट, हवाई, ओरेगॉन, हे सगळे त्याच पंगतीतले.

ड्रायव्हिंग लायसन्स सगळी राज्यं आपसात मानतात म्हणून चालतं, गनच्या बाबतीत तसं सगळ्यांचं मिळून काही ठरलेलंच नाही, कुणाला मानायचं ते प्रत्येक राज्य आपापलं ठरवतं. आणि गंमत म्हणजे ते लायसन्सवर लिहिलेलंही नसतं. आमच्या मामांकडे साताऱ्याला बारा बोअरची बंदूक होती, तिच्या लायसन्सवर हद्द स्पष्ट लिहिलेली असायची, जिल्ह्यापुरतं की राज्यभर की भारतभर, आणि निवडणूक आली की पोलीस ठाण्यात जमा, वाद नाही. इथे तुमच्या कार्डावर बघून काही कळत नाही, दुसऱ्या राज्याची यादी बघावी लागते, आणि ती यादी निघायच्या आठवड्यात बघायची, दोन वर्षांपूर्वी कुणीतरी व्हॉट्सॲपवर टाकलेला रंगीत नकाशा नाही. व्हर्जिनियाचंच घ्या, डिसेंबर 2015 मध्ये तिथल्या ॲटर्नी जनरलने जाहीर केलं की 25 राज्यांची परमिट आता मानणार नाही, पुढच्याच महिन्यात गव्हर्नर आणि विरोधकांचा समझोता होऊन ते फिरलं, आणि 1 जुलै 2016 पासून उलट सगळ्यांचीच मानायचा कायदा आला. सहा-सात महिन्यांत दोन टोकं.

आता कुणीतरी तुम्हाला सांगेल की "अरे फेडरल कायदा आहे ना, फोपा, डिकीत लॉक करून ठेव, कुणी हात लावू शकत नाही". मला पण सांगितलं होतं. अर्धं बरोबर आहे. फायरआर्म ओनर्स प्रोटेक्शन ॲक्ट 1986 चा, त्यात असं आहे की गन अनलोडेड असेल, गन आणि गोळ्या दोन्ही हाताला सहज लागणार नाहीत अशा ठेवल्या असतील, म्हणजे डिकीत, आणि वेगळी डिकी नसलेली एसयूव्ही असेल तर कुलूपबंद पेटीत (ग्लव्ह बॉक्स आणि कन्सोल चालत नाही, कुलूप असलं तरी), तर मधल्या राज्यातून नेता येते. पण अट अशी की जिथून निघालात तिथे आणि जिथे पोचणार तिथे, दोन्हीकडे ती बाळगायचा आणि कॅरी करायचा तुम्हाला कायदेशीर हक्क हवा. तुमचा मुक्काम पेनसिल्व्हेनियात लँकेस्टरला मित्राकडे असता तर मेरीलँडचे बारा मैल या कायद्याने निभावले असते, पेनसिल्व्हेनिया लागलं की पुन्हा तुमचं एलटीसी. तुमचा शेवट एडिसनला आहे. तिथे तुम्हाला कॅरीचा हक्क नाही, मग फोपा तुमच्या कामाचा नाही. तो कायदा पार होणाऱ्यासाठी आहे, पोचणाऱ्यासाठी नाही.

आणि पार होणाऱ्यालाही किती वाचवतो ते बघा. ग्रेग रेव्हेल नावाचा युटाचा माणूस 2005 मध्ये सॉल्ट लेक सिटीहून न्यू जर्सीतल्या न्यूअर्कमार्गे पेनसिल्व्हेनियातल्या ॲलनटाउनला निघाला होता. पिस्तूल नियमाप्रमाणे कुलूपबंद पेटीत, चेक-इन सामानात. न्यूअर्कला कनेक्शन चुकलं, बॅग हातात मिळाली, रात्र हॉटेलात काढावी लागली, आणि दुसऱ्या दिवशी काउंटरवर त्याने प्रामाणिकपणे "पेटीत गन आहे" सांगितलं तर अटक. पुढे केस मागे घेतली, पण त्याने उलट दावा लावला तो 2010 मध्ये अपील कोर्टात हरला, कारण रात्रभर हॉटेलात गन त्याच्या हाताशी होती. चूक विमान कंपनीच्या वेळेची आणि तुरुंग याला. म्हणजे आय-78 वर गाडी बंद पडून मोटेलात झोपायची वेळ आली आणि बॅग खोलीत नेली, तर कोर्टात काय बोलणार?

दुसरी केस तर फिलाडेल्फियाचीच, इथे सगळ्यांना पाठ आहे. शनीन ॲलन, दोन मुलांची एकटी आई, पेनसिल्व्हेनियाचं लायसन्स, ऑक्टोबर 2013 मध्ये न्यू जर्सीत ॲटलांटिक सिटीच्या बाजूला पोलिसाने गाडी थांबवली, तिने स्वतःहून सांगितलं की माझ्याकडे परमिट आहे आणि गन आहे. तिला खरंच वाटत होतं की परमिट चालतं, तुम्हाला वाटतंय तसंच. महिन्याहून जास्त तुरुंगात, आणि डोक्यावर निदान तीन वर्षांची सक्तीची शिक्षा. गाजलं म्हणून 2014 मध्ये राज्याच्या ॲटर्नी जनरलने सरकारी वकिलांना अशा केसेस जरा सबुरीने घ्यायच्या सूचना दिल्या, आणि एप्रिल 2015 मध्ये गव्हर्नर ख्रिस ख्रिस्टीने तिला माफी दिली. आजही परमिटशिवाय हँडगन बाळगणं तिथे सेकंड डिग्रीचा गुन्हा आहे, 5 ते 10 वर्षं, पॅरोलआधी निदान 42 महिने. शिवाय 10 पेक्षा जास्त गोळ्यांच्या मॅगझिनवर 2018 पासून बंदी, आणि होलो पॉइंट म्हणजे टोकाला पोकळ असलेल्या गोळ्या, ज्या टेक्सासमध्ये दुकानदार स्वतः सुचवतो, त्या कमरेला लावून फिरलात तर तो वेगळा गुन्हा.

आता जे तुम्ही विचारलं नाहीत पण मला सगळ्यात जास्त सांगायचंय. तुम्ही ग्रीन कार्डवर आहात. गनच्या कुठल्याही कायद्याखाली दोषी ठरलात तर त्यावरून डिपोर्ट करता येतं, सिटिझनला जेलचीच भीती, आपल्याला जेल अधिक विमानाचं तिकीट. वकिलाने सांगितलं की किरकोळ कलमात प्ली घे म्हणजे गुन्हा कबूल कर, प्रोबेशनवर सुटशील, तरी आधी इमिग्रेशनच्या वकिलाला विचारल्याशिवाय सही करायची नाही. शनीन ॲलनला माफी मिळाली म्हणून ती घरी मुलांकडे गेली, तुमच्या बाबतीत गव्हर्नर इतका लांबचा विचार करेल यावर मी तरी पैज लावणार नाही.

आणि हे वाचणारे जे एच-वन, एल-वन, एफ-वनवर आहेत त्यांनी परमिटचा विचारच करू नका, नॉन-इमिग्रंट व्हिसावर आलेल्याला गन आणि गोळ्या जवळ बाळगायलाच फेडरल बंदी आहे, सगळ्या राज्यांत, टेक्सासमध्येही. हंटिंग लायसन्ससारखे थोडे अपवाद आहेत तेवढेच. रेंजवर भाड्याने घेऊन मारणं म्हणजेही हातात गन घेणंच झालं, तरी दर लाँग वीकेंडला आपली पोरं लास व्हेगासच्या रेंजवरचे फोटो ग्रुपवर टाकतात आणि खाली "भारी रे भावा". मी एकदा लिहिलं तर मलाच काकू म्हणाले.

रस्त्यातल्या बाकी गोष्टी थोडक्यात. पोलिसाने थांबवलं तर स्वतःहून लगेच सांगायचं की विचारल्यावर, हे राज्याराज्यात वेगळं आहे, नॉर्थ कॅरोलिनात आणि मिशिगनमध्ये लगेच सांगावं लागतं, टेक्सासमध्ये आयडी मागितलं की त्याच्याबरोबर एलटीसी. स्मोकी माउंटन्स किंवा शेनान्डोआला थांबणार असाल तर नॅशनल पार्कमध्ये 2010 पासून त्या त्या राज्याचा कायदा लागू आहे, पण व्हिजिटर सेंटरच्या इमारतीत न्यायची नाही. शाळांभोवती 1000 फुटांचा फेडरल नियम आहे आणि त्यातली परमिटची सूट ज्या राज्यात शाळा आहे त्याच राज्याने दिलेल्या परमिटला आहे, म्हणजे टेनेसीने तुमचं एलटीसी मानलं तरी या एका नियमापुरतं ते उपयोगाचं नाही. पकडतात असं फारसं ऐकलं नाही मी, पण कायदा तसा आहे.

कुणी म्हणेल की सगळीकडे चालणारा कायदा येतोच आहे. डिसेंबर 2017 मध्ये हाउसने 231 विरुद्ध 198 मतांनी तसं बिल पास केलं होतं, सिनेटमध्ये अडकलं ते अडकलंच, 2025 मध्ये पुन्हा एचआर 38 याच नंबराने आणलंय. त्या भरवशावर गाडी काढू नका.

विमानाने नेऊ असंही म्हणू नका. डलासहून जाताना डिक्लेअर करून कुलूपबंद पेटीत नीट जाईल, पण परत येताना न्यूअर्कच्या काउंटरवर तुम्ही त्या रेव्हेलच्या जागी उभे असाल. घरीच सेफमध्ये राहू दे. मोटेलं हायवेला लागून, उजेडातली घ्या, नॅशव्हिलच्या पुढे आणि व्हर्जिनियात रोअनोकच्या आसपास भरपूर आहेत, आणि अंधार पडायच्या आत खोलीत पोचाल असे टप्पे पाडा, दीड हजार मैल आहेत, मुलं बरोबर असताना दोन दिवसांचा हट्ट नको, तीन दिवस ठेवा.